टोलीची शाळा आणि वीसचा आकडा

गेल्या पावसाळ्यात जात पडताळणीच्या एका प्रकरणासाठी आम्हाला सिहोरा परिसरातील एका लहानशा गावी जावे लागले. तुमसरहून बपेऱ्याकडे निघालेल्या रस्त्यावर भंडारा जिल्ह्याचे हे टोक आहे. एका अंगाला चांदपूरचा जलाशय, दुसऱ्या अंगाला बावनथडी आणि वैनगंगा, आणि मध्ये नजर पोहोचेल तेथवर धानाच्या बांध्या. आमच्या पक्षकाराच्या पणजोबाचे नाव गावच्या जिल्हा परिषद शाळेच्या दाखल-खारीज पुस्तकात असावे, असे घरची म्हातारी सांगत होती. मुख्याध्यापकांनी लोखंडी पेटी उघडली. वाळवीने कडा खाल्लेले, दोऱ्याने बांधलेले पुस्तक बाहेर काढले. नाव सापडले. जातीच्या रकान्यात 'महार' असे स्वच्छ अक्षरात लिहिलेले होते. पडताळणीचे काम झाले. पण पुस्तक मिटण्याआधी आम्ही शाळा सोडल्याच्या कारणाचा रकाना वाचत बसलो, आणि ते वाचन आमच्या डोक्यातून अजून गेलेले नाही.

आमच्या वस्तीच्या मुलांपुढे त्या रकान्यात बहुतेक ठिकाणी दोनच शब्द होते, 'सतत गैरहजर'. नाव कमी केल्याच्या तारखा आषाढ-श्रावणातल्या. या भागातील माणसाला त्याचा अर्थ सांगावा लागत नाही. ते रोवण्याचे दिवस असतात. आई-बाप मालगुजाराच्या बांधीत आणि पोरगा लहान भावंडाला कडेवर घेऊन धुऱ्यावर. गुरुजींनी लिहिले 'गैरहजर'. तो कोठे हजर होता, हे लिहावयास पुस्तकात रकाना नव्हता. आणि मुली? स्वातंत्र्यापूर्वीच्या त्या पानांवर आमच्या वस्तीतील एकाही मुलीचे नाव आम्हाला दिसले नाही.

त्याच शाळेचा पट आज वीसच्या आत आला आहे. म्हणजे शासन ज्यांचे 'समायोजन' करू पाहते त्या शाळांत ती मोडते. पेटी जागेवर ठेवताना मुख्याध्यापकांनी आम्हाला विचारले, "वकील साहेब, शाळा गेली तर हे पुस्तक कोठे जाईल?" नियमाने ते समायोजनाच्या शाळेकडे जावयास हवे, असे उत्तर आम्ही दिले. पण ते उत्तर आमचे आम्हालाच पटले नाही.

हे पुस्तक म्हणजे जुनी रद्दी आहे असे ज्यांना वाटते त्यांनी एक तारीख ध्यानात घ्यावी. १० ऑगस्ट १९५०. अनुसूचित जातींची यादी करणारा राष्ट्रपतींचा आदेश त्या दिवशी निघाला, आणि म्हणून महाराष्ट्रात अनुसूचित जातीचा दाखला मागणाऱ्याला त्या तारखेपूर्वीचा जातीचा आणि वास्तव्याचा पुरावा द्यावा लागतो. ज्याच्या आजा-पणजाने शाळेचे तोंड पाहिले त्याच्याकडे दाखल-खारीजचा उतारा असतो. ज्याच्या पूर्वजाने ते पाहिले नाही, त्याला विदर्भात कोतवाल बुकाची नक्कल शोधत तहसिलीच्या पायऱ्या झिजवाव्या लागतात. या कोतवाल बुकाची गंमत पाहा. मध्यप्रांतात गावचा कोतवाल जन्म-मृत्यूच्या नोंदींचे पुस्तक घेऊन ठाण्यावर जात असे. आमच्या भागात हा कोतवाल बहुधा महार. पुस्तक त्याच्या काखेत, पण त्यात काय लिहिले ते त्याला वाचता येत नसे. लिहिणारा दुसराच. पिढ्यान् पिढ्या आम्ही अक्षरांचे ओझे वाहिले, आणि आज आम्ही कोण आहोत हे सिद्ध करावयास त्याच अक्षरांच्या दारात उभे राहतो!

म्हणून सिहोरा परिसरातील या चिमुकल्या शाळांचा इतिहास आम्हाला नीट ठाऊक असला पाहिजे. तो कोणा शिक्षणाधिकाऱ्याच्या अहवालात सापडणार नाही.

नागपूरचे राज्य १८५४ साली इंग्रजांकडे गेले, १८६१ साली मध्यप्रांत झाला आणि भंडारा हा त्यातला एक जिल्हा. १८८३ च्या स्थानिक स्वराज्य कायद्याने जिल्हा कौन्सिले आली व खेड्यातील शाळा त्यांच्या हाती गेल्या. नावाला लोकांचे राज्य, पण खेड्यात चलती मालगुजाराची. शाळा त्याच्या वाड्याजवळ, गुरुजींचा शिधा त्याच्या घरचा, मग पडवीत कोण बसेल आणि पडवीबाहेर कोण, हे ठरविण्यास सरकारी हुकमाची गरजच काय? कायद्याने शाळा सर्वांना खुली होती. पण खुली असणे आणि आत बसू देणे यांत अंतर किती असते हे आमच्या समाजाला धारवाडपासून माहीत आहे. १८५६ साली धारवाडच्या सरकारी शाळेत एका महार मुलाने प्रवेश मागितला आणि मुंबई सरकारने तो नाकारला. इतर मुले निघून जातील आणि शाळा रिकामी पडेल, ही सबब! परमपूज्य बाबासाहेबांनी १९२८ साली सायमन कमिशनपुढे दिलेल्या शिक्षणविषयक निवेदनात हे प्रकरण मुद्दाम मांडले. शाळा रिकामी पडेल म्हणून एका मुलाला बाहेर ठेवणारे सरकार तेव्हा होते. आज शाळेत मूल थोडे म्हणून शाळाच उचलणारे सरकार आहे. दोन्ही वेळी हिशेब डोक्यांचाच.

क्रांतिबा जोतीराव फुल्यांनी १८८२ साली हंटर कमिशनला ठणकावून सांगितले होते की, शेतकऱ्याच्या घामाचा पैसा वरच्या वर्गाच्या उच्च शिक्षणावर उधळला जातो आणि खेडी अडाणी राहतात. बारा वर्षांपर्यंत प्राथमिक शिक्षण सक्तीचे करा. ते कोणी ऐकले नाही. मग आमच्याच माणसांनी हात घातला. तेव्हा भंडारा जिल्ह्यातच असलेल्या गोंदियात कालिचरण नंदागवळी यांनी मुलींसाठी शाळा काढली. हेच नंदागवळी पुढे मध्यप्रांताच्या कायदेमंडळात आमचे प्रतिनिधी म्हणून नियुक्त झाले. नागपुरात किसन फागुजी बनसोडे यांनी मुलींच्या शिक्षणाचा पाया घातला. जाईबाई चौधरी यांनी ओझी वाहण्याचे काम करीत अक्षरे गाठली आणि १९२२ साली चोखामेळ्याच्या नावाने कन्याशाळा उभी केली. ज्या काळात कौन्सिलच्या पुस्तकात आमच्या मुलीचे नाव नव्हते, त्या काळात ही माणसे घरोघर फिरून मुली गोळा करीत होती. पट वीसचा झाल्याशिवाय शाळा उघडणार नाही, असे त्यांनी म्हटले असते तर?

१९२० साली मध्यप्रांताने प्राथमिक शिक्षणाचा कायदा केला. त्यात सक्ती करण्याची मुभा स्थानिक संस्थांना होती. मुभा होती, सक्ती नव्हती. १९३८ च्या सुमारास पंडित रविशंकर शुक्लांची विद्यामंदिर योजना आली. जमीनदाराने जमीन दान द्यावी आणि तिच्या उत्पन्नावर गावची शाळा चालावी. ज्याच्याकडे देण्याजोगी जमीन आहे त्याच्या गावात, त्याच्या कृपेने शाळा! ज्याच्याकडे नांगराच्या टोकाएवढीही जमीन नाही त्याच्या वस्तीचे काय, याचे उत्तर या योजनेत नव्हते. मग १९४८ साली द्वारकाप्रसाद मिश्रांच्या काळात जिल्हा कौन्सिले मोडून तहसिलीगणिक जनपद सभा झाल्या. आमच्या भागातील जुनी माणसे अजूनही 'जनपदची शाळा' म्हणतात ती यामुळे. शाळेचा कारभार नागपूर-भंडाऱ्याहून तहसिलीपर्यंत खाली आला, ही जमेची बाजू खरी. १९५१ साली मालगुजारीही कायद्याने संपली. पण पडवी तीच राहिली.

पडवी मोडली ती १९५४ ते १९६० या वर्षांत, असे आमचे मत आहे. १९५४ साली लोकसभेच्या पोटनिवडणुकीसाठी बाबासाहेब भंडाऱ्यातून उभे राहिले. राखीव जागेवर काँग्रेसच्या बोरकरांनी त्यांचा पराभव केला, सर्वसाधारण जागा अशोक मेहतांना मिळाली. घटनेच्या शिल्पकाराला भंडाऱ्याने हरविले, हा कलंक जिल्ह्याच्या कपाळावर आहेच. पण त्या निवडणुकीने आमच्या खेड्यांत जे पेरले ते मतपेटीत मोजले गेले नाही. दोन वर्षांनी १४ ऑक्टोबर १९५६ ला नागपूरच्या भूमीवर धम्मदीक्षा झाली. वैनगंगेकाठची माणसे भाकरीची फडकी बांधून पायी आणि रेल्वेने निघाली, आणि परतल्यावर अनेकांनी दोन गोष्टी केल्या. मेलेली जनावरे ओढणे बंद केले आणि पोरांना शाळेत टाकले. आम्ही पाहिलेल्या त्या पुस्तकात हे लख्ख दिसते. १९५६ नंतरच्या पानांवर आमच्या वस्तीची नावे वाढत जातात. जातीच्या रकान्यात 'बौद्ध' येऊ लागते. आणि एके ठिकाणी, पहिल्यांदाच, मुलीचे नाव येते. ते पान आम्ही दोनदा वाचले.

१ मे १९६२ ला जिल्हा परिषदा आल्या, आणि जनपदच्या शाळा जिल्हा परिषदेच्या झाल्या. पुढे एकेका टोलीवर एक-शिक्षकी, दोन-शिक्षकी शाळा निघाल्या. गोंडांच्या टोल्या, ढिवरांच्या वस्त्या, आमच्या वस्त्या. घरी पोवारी किंवा झाडीबोली बोलणाऱ्या मुलांनी पुस्तकातील मराठी तेथेच ऐकली. आज नागपुरात, भंडाऱ्यात, पुण्या-मुंबईत जे आमचे बाबू, मास्तर, इंजिनिअर, वकील आहेत, त्यांचे 'ग' 'म' 'भ' याच शाळांच्या फरशीवर झाले आहे. हे लिहिणाराही त्यातलाच.

आता पुढचे पाहू. २०१७ साली राज्य शासनाने दहापेक्षा कमी पटाच्या १,३१४ शाळा बंद करून त्यांतील मुले दुसरीकडे हलविण्याचे ठरविले. ओरड झाली, काही शाळा वाचल्या, काही गेल्या. २०२२ साली शासनाने वीसपर्यंत पट असलेल्या शाळांची माहिती मागविली. तेव्हा राज्यातील अशा शाळांचा आकडा १४,७८३ निघाला, आणि त्यांत शिकणारी मुले १ लाख ८५ हजारांवर. सप्टेंबर २०२३ मध्ये शिक्षण आयुक्तालयाने नवा शब्द आणला, 'समूह शाळा'. तोरणमाळ आणि पानशेतचे नमुने दाखवून जिल्ह्याजिल्ह्यांतून प्रस्ताव मागविले. सप्टेंबर २०२४ मध्ये लहान शाळांतील दोन गुरुजींपैकी एकाच्या जागी कंत्राटी माणूस नेमण्याचा निर्णय निघाला. शिक्षक रस्त्यावर उतरले आणि पुढे तो मागे घ्यावा लागला. शब्द बदलतात, रोख बदलत नाही.

शासनाची बाजू आम्ही ऐकलेली आहे. ती अगदीच पोकळ आहे असे म्हणणार नाही. एका खोलीत चार वर्ग, तिसरीत एकच मुलगी, खेळावयास जोडीदार नाही, गुरुजी खिचडीच्या आणि ऑनलाइन माहितीच्या कामात गुंतलेले, ही स्थिती आम्हीही पाहिली आहे. मोठ्या शाळेत प्रयोगशाळा असेल, चार सवंगडी असतील, हे खरे आहे. पण मग मूल तेथपर्यंत नेणार कोण आणि कसे? पानशेतचा नमुना रोवण्याच्या दिवसांत नाला भरून वाहणाऱ्या धानपट्टीला जसाच्या तसा लागू होतो काय? गाडी देऊ म्हणतात. गाडीचे पैसे तीन महिने आले नाहीत तर पहिल्यांदा कोणाची शाळा सुटेल, हे सांगण्यास ज्योतिषी नको. मुलीची सुटेल.

येथे आम्हाला एक गोष्ट लिहिणे भाग आहे. तुमसरला लागून मोहाडी तालुका आहे आणि त्यात खैरलांजी आहे. २९ सप्टेंबर २००६ रोजी सुरेखा भोतमांगे, प्रियंका, रोशन आणि सुधीर यांची तेथे गावाने हत्या केली. प्रियंका शिकणारी, हुशार मुलगी होती. गावात दुसऱ्यांचे प्राबल्य असताना आमच्या घरातील मुलीने पुस्तक घेऊन घराबाहेर पडणे म्हणजे काय, हे भंडारा जिल्ह्याला कोणी शिकवू नये. शिक्षणाधिकारी शाळेचे अंतर किलोमीटरने मोजतात. मुलीची आई ते अंतर वाटेत कोणाची घरे लागतात यावरून मोजते. परवा त्या गावात एका आईने आम्हाला विचारले, "साहेब, नाल्यापल्याडच्या गावातून पोरीला रोज कोण आणून देईल?" या प्रश्नाचे उत्तर शासनाच्या कोणत्याही परिपत्रकात नाही.

कायदा काय सांगतो? घटनेच्या मूळ कलम ४५ मध्ये दहा वर्षांत चौदा वर्षांपर्यंतच्या सर्व मुलांना मोफत व सक्तीचे शिक्षण देण्याचे वचन होते. ते कलम २१-क च्या रूपाने मूलभूत हक्क होण्यास २००२ साल उजाडले, कायदा २००९ साली झाला आणि १ एप्रिल २०१० पासून लागू झाला. त्याच्या महाराष्ट्रातील २०११ च्या नियमांनी पहिली ते पाचवीसाठी एक किलोमीटरच्या आत आणि सहावी ते आठवीसाठी तीन किलोमीटरच्या आत शाळा सांगितली. वीस मुलांचा आकडा येतो तो याच नियमांतून. परंतु तो नवी शाळा उघडण्यासाठीचा आकडा आहे. वीस मुले मिळाली तर शाळा काढलीच पाहिजे, असे स्थानिक प्राधिकरणावर बंधन घालणारा तो आकडा आहे. वीसच्या खाली आली की चालू शाळा बंद करा, असे मूळ कायद्यात कोठेही लिहिलेले नाही. उलट कायद्याची अनुसूची साठपर्यंतच्या पटाला दोन शिक्षक सांगते. अकरा मुले असोत की एकोणसाठ, दोन. दार उघडण्यासाठी दिलेली किल्ली दाराला कुलूप लावण्यासाठी वापरली जात आहे. वकिलीत आम्ही पुष्कळ उलटे अर्थ लावलेले पाहिले, हा त्यातला मोठाच!

आणि विसंगती पाहा. ९ फेब्रुवारी २०२४ च्या अधिसूचनेने शासन म्हणाले, एक किलोमीटरच्या आत सरकारी किंवा अनुदानित शाळा असेल तर खासगी शाळेने गरिबांसाठी पंचवीस टक्के जागा ठेवण्याचे कारण नाही. म्हणजे सरकारी शाळा आहे, तेथे जा. जुलै २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने ही अधिसूचना रद्द केली म्हणून बरे. नाहीतर एका हाताने खासगी शाळेचे दार बंद, कारण सरकारी शाळा आहे; दुसऱ्या हाताने सरकारी शाळेचे दार बंद, कारण पट नाही. मधल्या मुलाने जावे कोठे?

पट का नाही, याचे उत्तर आम्हाला आमच्याही घरात शोधावे लागेल. सकाळी साडेसातला त्या लहान गावात पिवळी व्हॅन येते आणि आठ-दहा मुले कॉन्व्हेंटला घेऊन जाते. २०१२ च्या स्वयंअर्थसहाय्यित शाळांच्या कायद्यानंतर अशी कॉन्व्हेंटे खेड्यापर्यंत आली आहेत. त्या व्हॅनमध्ये आमच्याही वस्तीची मुले असतात. ज्याच्या घरी पगार आहे तो पोरगा तेथे टाकतो. त्याला दोष देणे सोपे आहे, आणि आम्हीही शहरात तेच केले आहे, हे येथे कबूल करतो. बाबासाहेबांनी १८ मार्च १९५६ ला आग्र्यात शिकलेल्यांविषयी जी वेदना बोलून दाखविली तिची आठवण जयंतीच्या व्यासपीठावर सारेच काढतात. पण आपल्या गावच्या शाळेचा पट किती, हे जयंतीला गावी गेलेल्या किती नोकरदारांना माहीत असते? विहाराला फरशी बसविण्यास वर्गणी निघते. निघावीच. शाळेच्या गळक्या छपराकडे मात्र कोणी पाहत नाही, कारण ती सरकारची.

१२ मार्च १९२७ रोजी मुंबई कायदेमंडळात बाबासाहेबांनी शिक्षणाच्या खर्चावर बोलताना दाखवून दिले होते की, प्राथमिक शाळेत आलेल्या शंभर मुलांतून अठराच चौथीपर्यंत पोहोचतात. शाळेत आलेले मूल साक्षर होऊनच बाहेर पडले पाहिजे, हा त्यांचा आग्रह होता. त्यांनी उघडलेल्या शाळा मोजल्या नाहीत, गळालेली मुले मोजली. समायोजनाच्या प्रत्येक प्रस्तावाला हीच कसोटी लावावी. बंद झालेल्या शाळेतील किती मुले पुढच्या वर्षी दुसऱ्या शाळेत प्रत्यक्ष बसली, याची नावानिशी यादी माहितीच्या अधिकारात मागा. कायद्याच्या नवव्या कलमाने चौदा वर्षांपर्यंतच्या प्रत्येक मुलाची नोंद ठेवणे हे स्थानिक प्राधिकरणाचे कर्तव्य आहे. यादी नाही असे लेखी उत्तर आले, तर तोच पुरावा.

शाळा व्यवस्थापन समितीकडेही आमचे लक्ष नाही. तिच्यात तीन चतुर्थांश पालक असावे लागतात, निम्म्या महिला, आणि वंचित घटकांच्या पालकांना त्यांच्या प्रमाणात जागा. पुष्कळ ठिकाणी ही समिती कागदावर होते आणि आमच्या आया-बहिणींची सही घरी आणून घेतली जाते. सही करण्याआधी ठराव वाचून घ्या. समायोजनास आमची संमती नाही, वाटेत नाला आहे, मुली जाऊ शकणार नाहीत, असा ठराव समितीने करावा, ग्रामसभेने त्याला पाठिंबा द्यावा आणि प्रत तुमसरच्या पंचायत समितीत पोच घेऊन द्यावी. त्यावर काही झाले नाही तर बत्तिसाव्या कलमाखाली लेखी तक्रार करता येते. तिचा निकाल तीन महिन्यांत द्यावा लागतो, आणि तो मान्य नसेल तर राज्य बालहक्क संरक्षण आयोगाकडे अपील आहे. कोर्टात उभे राहताना हे कागद हाती असले तर आमच्यासारख्यांचे निम्मे काम झालेले असते. मोर्चा जरूर काढा, पण पोच घेतलेला कागद आधी.

आणि दाखल-खारीजविषयी. सिहोरा परिसरातील ज्या शाळा १९५० पूर्वीच्या आहेत त्यांच्या जुन्या पुस्तकांतील आपल्या घराण्याच्या नोंदीची प्रमाणित नक्कल आजच काढून ठेवा. पोराला बारावीनंतर लागेल तेव्हा पाहू, असे म्हणू नका. शाळा हलली, पेटी हलली, खोलीला पाणी लागले, की पणजोबा गेला.

आम्हाला हवी ती नक्कल त्या दिवशी मिळाली. निघताना मुख्याध्यापकांनी चालू पुस्तकही दाखविले. त्यातील शेवटची नोंद यंदा पहिलीत आलेल्या एका मुलीची आहे. नाल्याचे विचारणाऱ्या त्याच बाईची लेक. ठरावाचा मसुदा आम्ही तेथेच शाळेच्या टेबलावर लिहून दिला. सरपंचांनी ग्रामसभेची तारीख लावावयाची आहे.